मूळचे कुठले? : माळव्याची दैनंदिनी

पहिला दिवस, धार

लाल दगडाच्या या किल्ल्यात १७७५ साली दुसऱ्या बाजीरावाचा जन्म झाला. त्याच्या आई आनंदीबाई तेव्हा धारच्या पवारांच्या आश्रयाला होत्या. महाराष्ट्रातली मुलं हा इतिहास पुस्तकात वाचतात. धारच्या मराठी मुलांना तो गावात हिंडता-फिरता दिसतो.

दुपार फडके स्टुडिओत गेली. गिरगाव चौपाटीवरचा लोकमान्यांचा पुतळा घडवणारे रघुनाथ कृष्ण फडके मूळचे वसईचे, पण पुढे ते धारचेच झाले. १९६१ साली त्यांना पद्मश्री मिळाली. मुंबईत हे किती जणांना ठाऊक असेल?

दुसरा दिवस, इंदूरमार्गे

पोह्यांवर शेव आणि जिरावण. शेजारच्या बाकावरची कॉलेजकन्या आजीला मराठीत म्हणते, “आजी, गरम आहेत, सावकाश खा,” आणि लगेच हिंदीत जिलेबी मागवते. दोन्ही भाषा तिच्या घरच्याच.

तिला सगळे विचारतात, मूळचे कुठले? कॅनडातल्या फ्रेंचभाषक अकेडियन तरुणांनाही असे प्रश्न ओळखीचे असणार. १७५५पासून इंग्रजांनी त्यांच्या पूर्वजांना देशोधडीला लावलं. आजही दर १५ ऑगस्टला, अकेडियन राष्ट्रीय दिनी, ती मुलं भांडी बडवत रस्त्यावर उतरतात. माळव्यातले मराठी लोक मात्र राज्यकर्त्यांबरोबर आले. त्यामुळे इथल्या मुलांच्या वारशात सत्ताही आहे, आणि ती सरल्यावर शेजाऱ्यांशी जुळलेलं नातंही. हे दुसरं मला जास्त मोलाचं वाटतं.

तिसरा दिवस, देवास

तुकोजी आणि जिवाजी या पवार बंधूंमुळे एकाच गावात दोन संस्थानं झाली, थोरली पाती आणि धाकटी पाती. १९२१ साली इंग्रज कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर थोरल्या पातीच्या महाराजांचे खासगी चिटणीस होते. टेकरीवर तुळजाभवानी आणि चामुंडा, दोघींच्या दर्शनाला गर्दी असते.

पण देवास म्हटलं की कुमार गंधर्वच. बेळगावजवळच्या सुळेभावीत जन्मलेले कुमारजी १९४८ साली क्षयाने आजारी असताना इथे आले. गाणं बंद. अंथरुणावर पडल्या पडल्या त्यांच्या कानी आसपासच्या बायकांची माळवी गाणी पडत राहिली. पुढे त्याच धुनांनी त्यांच्या गायकीला नवं वळण दिलं. बरं वाटल्यावरही त्यांनी देवास सोडलं नाही. १९९२ साली इथेच त्यांचं निधन झालं.

‘भानुकुल’ या त्यांच्या घरात कन्या कलापिनी कोमकली वाढल्या, आणि नातू भुवनेशही. भुवनेशला तालीम दिली ती आजी वसुंधराबाईंनी.