घरी आलेले पट्टेरी मासे

आम्ही मूळचे वसईचे, म्हणजे खाऱ्या पाण्याच्या शेजारचे. नोकरीच्या निमित्ताने आधी कऱ्हाडला आणि मग सांगलीला बिऱ्हाड आले, तरी नदीचा मासा आमच्या घरात उपराच राहिला. बोंबील-पापलेट मिळाले नाही तर नाइलाजाने घ्यायचा, इतकाच त्याचा मान. तो काचेच्या पेटीत ठेवून मी रात्री त्याच्यापुढे खुर्ची टाकून बसेन, असे कोणी सांगितले असते तर मी हसलो असतो.

२०१४ साली धाकट्याला नवव्या वाढदिवसाला मासे हवे झाले. त्याच्या मनात होता चित्रपटातला तो प्रवाळात राहणारा, नारिंगी अंगाचा आणि पांढऱ्या पट्ट्यांचा मासा. दुकानदाराने आम्हांला वेळीच सावध केले. "खाऱ्या पाण्याची टाकी सांभाळणे तुम्हांला झेपायचे नाही, साहेब. पट्टेच हवेत ना? मग हे न्या. झेब्रा लोच. बाहेरचा माल आहे." पिशवीत बोटाएवढे पाच मासे होते. गडद तपकिरी अंगावर पाठीपासून पोटाकडे उतरलेल्या बारीक फिकट रेघा आणि तोंडाशी मिशा. काचेवरचे शेवाळ खायला म्हणून त्याने एक सकर मासाही बरोबर दिला.

पहिले काही महिने आम्ही चुकाच केल्या. तळाशी शोभेची रंगीत खडी घातली. हे मासे दिवसभर तळ उकरीत असतात, त्यामुळे त्यांच्या मिशा झिजू लागल्या. मग ती खडी काढून धुतलेली बारीक वाळू आणि नदीतले गुळगुळीत गोटे आणले. त्यांना पाणी वाहते आणि हवेने भरलेले लागते, पंचवीस अंशांच्या आसपासचे. दर आठवड्याला थोडे पाणी बदलले नाही तर ते मलूल होतात. एकटा मासा कोपऱ्यात दडून बसतो, पाच-सहा जणांचा मेळा असला की खेळतो. डोळ्याखाली एक दुहेरी काटा असतो. घाबरला की तो उभा राहतो आणि जाळीत अडकतो, म्हणून जाळीऐवजी वाटीने धरावे लागते. खवले अगदी बारीक असल्याने औषधही त्यांना सोसत नाही. एकदा अंगावर पांढरे ठिपके आले असता मी बाटलीवरचे पूर्ण प्रमाण घातले आणि रात्रभर त्यांची तडफड पाहिली. अर्धे पाणी बदलले म्हणून ते वाचले. त्या रात्री मी जागा होतो हे पोराला अजून ठाऊक नाही.

पुढे एकदा कऱ्हाडचे आमचे जुने शेजारी घरी आले. प्राणिशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक. चहा तसाच ठेवून ते टाकीपाशी वाकले.

"कुठून आणलेत?"

"बाहेरचा आहे म्हणे, सर."

"बाहेरचा कसला? अहो, हा आपल्या कोयनेचा."

बोटिया स्ट्रायाटा हे त्याचे शास्त्रीय नाव. सी. आर. नारायण राव यांनी १९२० साली शिमोग्याच्या तुंगा नदीतून त्याची पहिली नोंद केली. तुंगेचे पाणी शेवटी कृष्णेलाच मिळते. हा मासा सह्याद्रीचा, पश्चिम घाटाबाहेर जगात कुठे नाही. आमच्या बाजूला कोयनेत आहे, पंचगंगेत आहे, आणि १९५६ साली नोंदलेल्या त्याच्या एका उपजातीला तर कोल्हापूरचेच नाव दिले गेले. २०११ साली आंतरराष्ट्रीय लाल यादीत त्याच्यापुढे 'संकटग्रस्त' असे लिहिले गेले. त्याला स्वच्छ पाण्याखालचे गोटे लागतात. धरणे, गाळ, वाळूचा उपसा आणि सांडपाणी यांनी ते गोटे झाकले जातात. शिवाय तो टाकीत वीण घालत नाही. हौशी लोकांच्या घरी पोहोचणारे बहुतेक मासे नदीतूनच धरलेले असतात. हे ऐकताना माझी नजर आपोआप पावतीच्या डब्याकडे गेली.

त्या मे महिन्यात सर आम्हां दोघांना पाटणच्या वर कोयनेच्या एका ओढ्यावर घेऊन गेले. गुडघाभर पाण्यात आम्ही तासभर निश्चल उभे होतो. दोन दगडांच्या फटीतून काहीतरी काळसर सरकले, क्षणभर रेघा दिसल्या आणि गेल्या. पोरगा म्हणाला, "डॅडी, आपले इथे सोडूया का?" सरांनी मान हलवली. बाजारातून आलेला मासा कुठल्या नदीतला, कोणता रोग घेऊन आलेला, कोण सांगणार? इथल्या माशांत तो मिसळू नये. तेव्हा आपले आपणच नीट सांभाळायचे, असे ठरले.

पण २०१९ च्या ऑगस्टमध्ये ते आमच्या हाती राहिले नाही. धोक्याची पातळी पंचेचाळीस फूट, आणि आयर्विन पुलापाशी पाणी सत्तावन्न फुटांवर गेले. गावभागातले आमचे घर तळमजल्यावर होते. आम्ही कागदपत्रे, औषधे आणि आईला घेऊन निघालो. टाकी उचलण्याजोगी नव्हती. दहा-बारा दिवसांनी परतलो तेव्हा भिंतींवर छतापर्यंत चिखलाची रेघ होती. टाकी जागेवरच उभी होती, गाळाने भरलेली. पोराने हाताने सगळा गाळ उपसला. एकही मासा सापडला नाही.

"म्हणजे ते नदीत गेले," तो म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावर समाधान होते, आणि मी ते मोडले नाही. सांगलीजवळची कृष्णा म्हणजे संथ, गढूळ पाणी. गोट्यांचा तो ओढा इथून फार दूर. पाच झेब्रांचे काय झाले असेल याचा मला अंदाज होता. मला झोप येऊ देत नव्हता तो सहावा, सकर मासा. तो दक्षिण अमेरिकेचा, चिवट, कसल्याही पाण्यात तगणारा. उजनीच्या जलाशयात त्याने मच्छीमारांची जाळी फाडल्याचे मी पुढे वाचले. कृष्णेत एकट्याने तो काय करणार, असे मी मनाला समजावतो. पण सांगलीत त्या आठवड्यात बुडालेली टाकी काही माझी एकट्याची नव्हती.

२०२३ च्या मार्चमध्ये अंकलीजवळ कृष्णेत मेलेल्या माशांचा खच पडल्याची बातमी आली. रविवारची मिस्सा आटोपून मी परस्पर तिकडे गेलो. नाकाला रुमाल लावून काठाने बराच वेळ चाललो. पांढरी पोटे वर करून पडलेले लहानमोठे मासे पाहत गेलो. पट्टे कुठेच दिसले नाहीत. घरी आल्यावर पुण्याहून मुलाचा फोन आला. त्यानेही बातमी वाचली होती. "त्यांच्यात आपले नव्हते ना, डॅडी?" तो तेव्हा अठरा वर्षांचा होता. सगळे समजून-उमजून त्याने विचारले.

"नव्हते," मी म्हणालो.