घोड्याची नाल आणि वाळवंटातले नशीब

लास वेगास या स्पॅनिश नावाचा अर्थ 'कुरणे'. अमेरिकेच्या नेवाडा राज्यातल्या रखरखीत वाळवंटात झऱ्यांच्या पाण्यावर थोडी हिरवळ होती, तेवढ्यावरून हे नाव पडले. 1905 साली रेल्वेने इथली जमीन लिलावात विकली आणि गाव वसले. 1931 साली नेवाडाने जुगार कायदेशीर केला. पर्यटकांची झुंबड उडते ती शहराच्या दक्षिणेकडच्या झगमगत्या 'स्ट्रिप'वर. पण जुने वेगास पाहायचे तर फ्रिमाँट स्ट्रीटलाच यावे लागते. तिथल्या एका इमारतीवर अजूनही 'बिनियन्स' हे नाव झळकते.

बेनी बिनियनचा जन्म 1904 चा, टेक्सासमधला. बाप घोड्यांचा व्यापारी. शाळेशी संबंध नावापुरताच. बापाबरोबर हिंडता हिंडता पोरगा घोडे आणि माणसे दोन्ही पारखायला शिकला. पुढे डॅलसमध्ये त्याने फाशांचे अड्डे चालवले आणि आकड्यांचा जुगारही. हा जुगार म्हणजे आपल्या मटक्याचाच भाऊबंद! या धंद्यात त्याच्या हातून दोन माणसे मारली गेली. 1931 च्या प्रकरणात झालेली शिक्षा स्थगित राहिली, 1936 मध्ये स्वसंरक्षणाचा दावा करून तो सुटला. 1946 साली मर्जीतला शेरीफ निवडणूक हरला, तसा बेनीने बायकापोरांसह वेगासचा रस्ता धरला. डॅलसला जो गुन्हा, तोच इथे परवानाधारक धंदा!

1951 साली त्याने फ्रिमाँट स्ट्रीटवर 'हॉर्सशू' कॅसिनो उघडला. हॉर्सशू म्हणजे घोड्याची नाल. आपल्याकडे ती उंबऱ्यावर ठोकतात, टेक्सासमध्येही ती शुभच. इतर कॅसिनो फाशांवर 50 डॉलरच्या वर पैज घेत नसत. बेनीने 500 ची मुभा दिली. पुढे तर, पहिल्या डावाला जेवढी रक्कम लावाल तीच तुमची मर्यादा, असा नियम केला. फुकटची दारू बड्या गिऱ्हाइकांनाच नव्हे, तर चिल्लर खेळणाऱ्यांनाही मिळे. यात दिलदारी होती तसा हिशेबही होता. फाशांच्या काही डावांत घराचा वाटा शेकडा दीडहूनही कमी; पण खेळणारे हजारोंनी आले की तो चुकत नाही. एखाद्या मोठ्या फेकीची मात्र इतर मालकांना धास्ती वाटे. बेनीला ती नव्हती.

1980 साली टेक्सासचाच एक माणूस दोन सुटकेसी घेऊन आला. एकीत 7,77,000 डॉलर, दुसरी रिकामी. सगळी रक्कम त्याने एकाच डावावर लावली आणि जिंकला! बिनियन मंडळींनी तिथल्या तिथे पैसे मोजून दिले. ही गोष्ट वेगासमध्ये कौतुकाने सांगतात, पण पुढचे पान बहुधा उलटत नाहीत. 1984 मध्ये तोच माणूस दहा लाख डॉलर लावून हरला. काही महिन्यांतच त्याने आयुष्य संपवले. त्याच्या मनात दुसरीही दुःखे होती म्हणतात. तरी मर्यादा नसलेल्या टेबलाची किंमत या हिशेबात धरायलाच हवी.

बेनीही मोकळा सुटला नव्हता. करचुकवेगिरीपायी 1953 साली पाच वर्षांची शिक्षा झाली, साडेतीन वर्षे तुरुंगात गेली. परवाना परत मिळालाच नाही. मग कारभार मुलांकडे आणि बाप नावाला सल्लागार! काउबॉय टोपी घालून तो कॅसिनोच्या उपाहारगृहात बसे आणि तिथूनच सारे हलवी. 1970 साली त्याने जुगाऱ्यांना जमवून पोकरची स्पर्धा भरवली. तीच पुढे पोकरची जागतिक मालिका ठरली.

1989 च्या नाताळात तो वारला. पाठोपाठ मुलांमध्ये भांडणे, कर्जे. 2004 च्या जानेवारीत 'हॉर्सशू'ला टाळे लागले. नाव आणि स्पर्धा मोठ्या कंपनीने घेतली. 2022 च्या अखेरीस नालेची पाटी स्ट्रिपवरच्या एका हॉटेलावर चढली आणि पोकरची मालिका तिथे रंगू लागली. फ्रिमाँट स्ट्रीटच्या इमारतीवर 'बिनियन्स' राहिले, मालक मात्र परके. जवळच्या चौकात बेनीचा घोड्यावर बसलेला ब्राँझचा पुतळा होता, तोही तिथून हलवला. आता तो शहराच्या दक्षिण टोकाला, घोड्यांचे खेळ भरतात त्या एका हॉटेलाच्या आवारात उभा आहे.