स्वतःवर हसून तर पाहा!

पतीची बदली झाली आणि पुण्याची एक गृहिणी तामिळनाडूतील कुंभकोणमला राहायला गेली. पहिल्याच सकाळी दारातून हाक आली, "पाल!" ती किंचाळून भिंतीकडे पाहू लागली. दारात उभा होता दूधवाला! तामिळमध्ये दुधाला 'पाल' म्हणतात, हे तिला कुठे ठाऊक? शेजारणी हसल्या, ती ओशाळली. पुन्हा हसे होईल या भीतीने तिने शेजाऱ्यांशी बोलणेच सोडले.

एका रात्री मुलाने तिला मोबाइलवर 'कास्टिंग काउच विथ अमेय अँड निपुण' दाखवले. 'भाडिपा'ने २०१६ साली सुरू केलेल्या या छोट्या चित्रफितींत अमेय वाघ आणि निपुण धर्माधिकारी आपल्याच नावाने वावरतात. नामवंत अभिनेत्रीला बोलवायचे, तिच्यासमोर रुबाब करायला जायचे आणि स्वतःचीच फजिती करून घ्यायची, ही त्यातली गंमत. पहिली पाहुणी होती राधिका आपटे.

हे दोघे खरोखरच इतके बावळट आहेत का? मुळीच नाही! दोघेही पुण्याच्या रंगभूमीवर घडलेले. २०१७ साली अमेय 'मुरांबा' आणि 'फास्टर फेणे'चा नायक झाला. निपुणने दिग्दर्शित केलेल्या 'धप्पा'ला २०१८ साली राष्ट्रीय एकात्मतेसाठीचा नर्गिस दत्त पुरस्कार जाहीर झाला.

मग स्वतःचेच असे सोंग कशासाठी? बढाई, संकोच, घाबरगुंडी कोणाला चुकली आहे? या दोघांनी ती लपवली नाही, उलट चार पट फुगवून दाखवली. दुसऱ्याच्या रंगारूपावर विनोद केला की कोणीतरी दुखावतेच. स्वतःवर केलेल्या विनोदात लगाम आपल्याच हाती राहतो. लोक आपल्याला हसणे वेगळे आणि आपण लोकांना हसवणे वेगळे.

हे तिला मनोमन पटले. दुसऱ्या दिवशी ती शेजारणीकडे गेली आणि मोडक्यातोडक्या तामिळमध्ये 'पाली'ची गोष्ट तिने स्वतःच सांगितली. आपण खुर्चीवर चढलो, झाडू उगारला, असे पदरचेही घातले. शेजारीण पोट धरधरून हसली आणि मग तिनेही आपली एक फजिती सांगितली. इतक्यात पितळी पेल्यांतून वाफाळती डिग्री कॉफी आली. कुंभकोणमची ती प्रसिद्ध कॉफी! तिच्यात 'पाल' भरपूर होते, पण या वेळी कोणी किंचाळले नाही.