देव लॉकरमध्ये

टीव्हीवरचा आठवड्याच्या बातम्यांचा कार्यक्रम मी अर्धवट झोपेत पाहतो. बँकेत काउंटरवर लागलेली सवय घरी सुटत नाही. पण २०२२ च्या ऑगस्टातल्या एका रविवारी खाडकन जागा झालो. पडद्यावर चक्क आपला जालना जिल्हा! घनसावंगी तालुक्यातले जांबसमर्थ, रामदासस्वामींचे जन्मगाव. तिथल्या राम-लक्ष्मण-सीतेच्या पंचधातूच्या मूर्ती चोरीला गेल्या होत्या. निवेदक ओरडून विचारत होता, "या कलेची किंमत काय? मालक कोण?"

"मालक स्वतः देवच!" मी म्हणालो. कायद्याच्या पेपरात काठावर पास झालेला बी.कॉम. अशी संधी सोडत नाही. "आपल्या कायद्यात देव ही एक व्यक्ती. त्याच्या नावावर जमीन असते, तो दावा लावतो. फक्त सहीला पालक लागतो, अज्ञान मुलाच्या खात्यासारखा. तामिळनाडूतल्या पाथूरचा नटराज चोरीला जाऊन लंडनला पोचला, तेव्हा तिथल्या कोर्टात देऊळच दावेदार म्हणून उभे राहिले आणि १९९१ साली अपिलातही जिंकले!"

"म्हणजे पालकाला देव विकता येत नाहीत?" भेंडी चिरता चिरता सौ.ने विचारले.

"छे!"

"आणि डांबून ठेवता येतात?"

मी आवाज वाढवला. टीव्हीचा.

ऑक्टोबरअखेर मूर्ती सापडल्याची बातमी आली. सौ. म्हणाली, "अहो, पोलिसांनी दोन महिन्यांत देव सोडवले. आपल्या खंडोबाला सहा वर्षं झाली."

आता खुलासा करणे भाग आहे. वडील गेल्यावर घरातले चांदीचे टाक रीतीप्रमाणे अंबडला, थोरल्या दादाकडे जायचे. "चोऱ्या फार वाढल्यात," म्हणून मी ते लॉकरमध्ये ठेवले. खरे कारण, विहिरीजवळचा तुकडा वाटणीत दादाला गेला होता. तेव्हापासून दादा दसऱ्याला आमच्याकडे आला नाही. लॉकरला दोन किल्ल्या लागतात. बँकेची कधीच अडली नव्हती. अडली होती ती माझी.

सोमवारी लॉकर उघडले, टाक रुमालात बांधले आणि एस.टी.ने अंबड गाठले. बोलायची वाक्ये वाटेत पाठ केली होती. दादाने रुमाल घेतला, टाक मोजले नाहीत. एवढेच म्हणाला, "जेवलास का?"

वीस वर्षांच्या नोकरीत पहिल्यांदाच मी ठेव परत करून पावती घ्यायला विसरलो.