बारीक डोळा

परवा दाढ काढून आले. भूल उतरायची होती. अर्धं तोंड बधिर, ओठ एका बाजूला लोंबलेला. नातवाने मोबाइलमधून मान वर केली आणि ओरडला, "मंथरा!"

मला 'रामायण' मालिकेतल्या ललिता पवार आठवल्या. खरं तर आत्या आठवली. १९८७ सालचे रविवार, शेजारच्यांच्या टीव्हीपुढे अख्खी आळी. मंथरा कैकेयीच्या कानाला लागली की आत्या कडाकडा बोटं मोडायची. "मेलीचा डोळाच बघा!"

तो डोळा. येवल्याची ही मुलगी मूकपटांपासून कामं करत नायिका झालेली. १९४२ मध्ये 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात भगवानदादांची थप्पड खरीच बसली. तोंडाला पक्षाघात, मग वर्षानुवर्षं औषधपाणी, आणि डावा डोळा कायमचा बारीक. नायिकापद गेलं. पुढे त्याच डोळ्यावर खाष्ट सासवांची रांग लागली. दादांनी मुद्दाम केलं नव्हतं, मान्य. तरी त्यांचा 'अलबेला' लागून सगळं घर ताल धरतं, तेव्हा मी उठून चहा टाकते.

'अनाडी'तली मिसेस डिसाही त्याच डोळ्याची. भाडेकरू राज कपूरवर डाफरता डाफरता जीव टाकणारी. त्या कामाला फिल्मफेअर मिळालं. पण आत्याला हे सांगून उपयोग नव्हता. तिच्या लेखी ती बाई म्हणजे मंथराच.

अपवाद एकदाच झाला. टीव्हीवर 'मिस्टर अँड मिसेस ५५' लागला होता. ललिताबाई त्यात सीतादेवी, बायकांच्या हक्कांसाठी, घटस्फोटाच्या कायद्यासाठी तावातावाने भांडणाऱ्या. हिंदू विवाह कायदा झाला त्याच १९५५ सालचा हा चित्रपट, आणि गुरुदत्तांनी खलनायिका केलं ते नेमकं हिला! तिची फजिती झाली की आपण हसायचं, अशी सगळी मांडणी. लहानपणी मीही हसले होते. आता तो चित्रपट बघताना मधुबालेपेक्षा माझं लक्ष तिच्या या आत्याबाईंकडेच जातं.

आमच्या आत्याचे यजमान धुळ्याला दुसरं बिऱ्हाड थाटून होते. हिच्या गळ्यात मंगळसूत्र आणि भावाच्या घरचा स्वयंपाक. सीतादेवी बोलायला लागल्या तशी ती मटार सोलायची थांबली. बोटं मोडली नाहीत.

"बाई बोलतेय त्यात खोटं काय आहे?"

आईने लगबगीने टीव्हीचा आवाज कमी केला. आत्याने उठून तो पुन्हा मोठा केला.