पळ आणि पळी

काळ कसा मोजावा आणि ते मोजण्याचे ज्ञान पुढच्या पिढीच्या हाती कसे द्यावे, एवढ्याचसाठी एखादी पाठशाला असावी, ही कल्पना कोणालाही मनोराज्यातली वाटेल. परंतु अशी पाठशाला मराठी मुलखात खरोखरच होऊन गेली आहे आणि तिचा दाखला दगडावर कोरलेला आहे.

चाळीसगावच्या नैर्ऋत्येस डोंगराच्या कुशीत पाटण हे गाव आहे. तेथील भवानीच्या देवळातला १२०७ सालचा शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी १८६५ च्या सुमारास अभ्यासकांपुढे आणला. यादवराजा सिंघण याच्या पदरी चांगदेव नावाचे मुख्य ज्योतिषी होते. ज्ञानदेवांना कोरे पत्र पाठविणारे योगी ते हे नव्हेत. हे ‘सिद्धान्तशिरोमणि’कार भास्कराचार्यांचे नातू. आजोबांच्या ग्रंथांचे अध्यापन अखंड चालावे म्हणून नातवाने मठ स्थापिला आणि निकुंभ घराण्यातील सोइदेवाने त्यास दान दिले. लेखात त्रिविक्रमापासून चांगदेवापर्यंत घराण्याची वंशावळ आहे. ग्रहगणित, गोल, ग्रहणे, तिथी हा ज्या विद्येचा विषय, ती विद्या म्हणजे काळाचेच शास्त्र.

या लेखातील राजांच्या स्तुतीपेक्षा मला त्याचा शेवटचा भाग अधिक मोलाचा वाटतो. आरंभीचा मजकूर संस्कृतात आहे. पण मठाला रोजच्या रोज काय मिळावे हे सांगण्याची वेळ येते, तेव्हा लेख मराठीत बोलू लागतो. ज्ञानेश्वरी लिहिली गेली १२९० साली. त्यापूर्वी त्र्याऐंशी वर्षांची ही बाजारपेठेतली मराठी. पेठेत जो माल विक्रीस येईल त्यावरचा राजाचा हक्क मठाला, ग्राहकाकडून सुपाऱ्या, आणि जेवढे तेलाचे घाणे चालतील तेवढ्यांकडून पळी पळी तेल. साठ पळांची एक घटका आणि साठ घटकांची एक अहोरात्र, असे मोजणारे शास्त्र तेल्याने दिलेल्या पळीभर तेलाच्या आधाराने नांदत होते. त्या दानात तेली आणि वाणी यांचा वाटा राजाच्या जोडीने कोरला गेला, ही गोष्ट मला फार अर्थपूर्ण वाटते.

निपाणीच्या पेठेत वाढलेल्या माणसाला हे नवे वाटू नये. आमच्या घरच्या अडतीवर तंबाखूची पट्टी करताना हमाली-तोलाईच्या खाली ‘धर्मादाय’ म्हणून चार पैसे लिहिले जात. ती रक्कम कोणाला जड होत नसे, म्हणूनच ती चुकतही नसे. मोठी देणगी दात्याबरोबर संपते. पळीभर तेल मात्र घाणा फिरतो आहे तोवर येत राहते.

भास्कराचार्यांनी आपले गाव सह्याद्रीजवळचे विज्जडविड असे सांगितले आहे. ते कोणते, यावर आजही वाद आहे. कोणी विजापूर म्हणतात, कोणी पाटणचा परिसर. आपल्या सीमाभागात हा वाद ऐकला की गंमत वाटते आणि थोडे खिन्नही वाटते. पाटणचा लेख कोरला गेला त्याच्या तीन वर्षे आधी, १२०४ साली, रट्टांच्या राजधानीत, वेणुग्रामात म्हणजे आपल्या बेळगावात, किल्ल्यातली कमल बस्ती उभी राहिली. पुढे रट्टांचे राज्य याच सिंघणाच्या सेनापतीने जिंकले. राज्ये अशी आली आणि गेली. लीलावती मात्र दोन्हीकडच्या पाठशाळांत शिकविली जात राहिली.

१९५६ साली नकाशावर रेघ ओढली गेली. तिचे दुःख जुन्या घरांना सांगावे लागत नाही. पण एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे: ती रेघ पंचांगावर उमटली नाही. आपल्या शेजारच्या कानडी घरात युगादी आणि आपल्या दारी गुढी एकाच सकाळी येते. शालिवाहन शक दोघांचा, अमावास्येला संपणारा महिना दोघांचा. गुजरातेत वर्ष कार्तिकात पालटते, उत्तरेत महिना पौर्णिमेला सरतो. आपले आणि कानडी शेजाऱ्याचे मात्र काळाचे माप एकच राहिले. नरगुंदात जन्मलेले व्यंकटेश बापूजी केतकर यांनी ‘ज्योतिर्गणितम्’ लिहून पंचांगाचे गणित नव्या वेधांशी जुळविले. त्यांना कोणत्या बाजूचे म्हणावे? काळाचा अभ्यास करणाऱ्याला एवढी अरुंद जागा पुरत नाही.

पाटणचा मठ आज नांदता नाही. भास्कराचार्यांचे ग्रंथ टिकले ते गावोगावी नकलून घेणाऱ्यांमुळे, शिकणाऱ्यांमुळे आणि गणेश दैवज्ञांसारख्या टीकाकारांमुळे. म्हणजे वास्तू गेली तरी विद्या राहू शकते. शिकणारा गेला तर वास्तू असून काही उरत नाही. ही दुसरी स्थिती आपल्या उंबऱ्याशी आली आहे. घराघरांत मोडीतल्या वह्या आहेत. त्यांत खरेदी, वाटण्या, लग्ने, जन्म आहेत आणि प्रत्येक नोंदीवर शक आहे, मास आहे, तिथी आहे, वार आहे. त्या वाचणारे हात आता थरथरू लागले आहेत. नातवंडे कन्नड आणि इंग्रजी उत्तम वाचतात, याचा आनंदच आहे. पण आपल्या पणजोबांचा जन्मदिवस त्यांना घरातल्याच कागदावरून काढता येत नाही.

म्हणून मी एक पाठशाला मनात उभारीत असतो. तिला मोठी इमारत नको. वाचनालयातली एखादी खोली पुरे. तेथे तांब्याचे घटिकापात्र असावे. तळाशी बारीक छिद्र असलेली ती वाटी पाण्यात बुडायला चोवीस मिनिटे घेते. ते मुलांनी मनगटी घड्याळ लावून स्वतः पडताळावे. मराठी आणि कन्नड पंचांगे शेजारी शेजारी असावीत. शकात अठ्ठ्याहत्तर मिळविले की इसवी सन येतो, पण पौषमाघाच्या तिथीला कधी एकोणऐंशी का मिळवावे लागतात, हे तेथे कोणी फळ्यावर समजावून द्यावे. आणि दर शनिवारी एका घरची एक वही उघडून मोठ्याने वाचली जावी. नोंद कानडीत निघाली, तर कानडी शेजाऱ्याला बोलवावे.

यासाठी सोइदेवासारखा राजा शोधण्याची गरज नाही. ज्याला मोडी येते त्याने महिन्यातली एक संध्याकाळ द्यावी, ज्याच्याकडे वही आहे त्याने वही द्यावी, ज्याच्याकडे दोन्ही नाही त्याने नातवाला घेऊन येऊन बसावे. प्रत्येक घराकडून पळीभर, एवढेच.