शेड्यूल वन

यांना भेटा. नाव शेड्यूल वन. सरकारी मराठीत परिशिष्ट एक. मुक्काम परभणी, सहायक धर्मादाय आयुक्तांचं कार्यालय. येलदरीचं देवस्थान असो की शिक्षण संस्था, तिची सगळी कुंडली यांच्यापाशी: नोंदणी क्रमांक (देवस्थानाला ‘ए’, सोसायटीला ‘एफ’), उद्देश, जमीनजुमला आणि विश्वस्तांची नावं. भेटायचं तर जिंतूरमार्गे एस.टी. धरून आपणच जायचं. हे कुणाच्या दारी जात नाहीत. फार तर शिक्का मारलेली नक्कल पाठवतात.

यांचा मरणावर विश्वास नाही. येलदरीचं धरण पुरं झालं १९६८ साली. त्या सुमारास निघालेल्या एखाद्या संस्थेचे अध्यक्ष वारतात, तेरावं होतं, शाळेत तसबीर लागते, तिच्यावरचा हारही वाळतो. यांच्या लेखी मात्र अध्यक्ष हयात. गेलेला माणूस गेला हे यांना कळवायचं ते सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाच्या कलम २२ च्या चेंज रिपोर्टनं, बदल झाल्यापासून ९० दिवसांच्या आत. विश्वस्त मंडळी या ९० दिवसांत सोयाबीन काढतात, सोयरीक जमवतात, यात्रा उरकतात. रिपोर्ट तेवढा राहतो. मग विलंब माफीचा अर्ज, त्याला शपथपत्र, त्याला नोटरी.

२०१७ च्या दुरुस्तीनं यांना जरा चपळ व्हायला सांगितलं: कामकाजाच्या १५ दिवसांत बदल तात्पुरता मान्य करा, हरकतींना ३० दिवस द्या. कुणी बोललं नाही तर स्वारी खुशीत असते. पण एक हरकत आली की यांचा चेहरा बदलतो. आता साक्षीपुरावा, उलटतपासणी आणि तारीख.

खरी मजा संस्थेत फूट पडल्यावर. एकाच दिवशी दोन सभा, दोन अजेंडे, दोन प्रोसिडिंग बुकं, आणि दोन्हींत सर्वानुमते ठराव. दोन्हीकडे कोरम पुरा. सह्यांत काही नावं सारखीच. हे गृहस्थ कुणाचीच बाजू घेत नाहीत, बारीकसारीक विचारत बसतात. नोटीस कुणाला गेली? पोस्टाची पावती कुठे? वर्गणी न भरलेला आजीव सदस्य मतदार कसा? गावाला वाटतं, शाळा कुणी उभी केली यावर निकाल लागेल. निकाल लागतो पावतीवर.

थोरामोठ्यांनीही यांच्यापुढे हात टेकलेत. मुंबईच्या लीलावती रुग्णालयामागच्या न्यासात मेहता कुटुंबाच्याच शाखा विश्वस्तपदासाठी वर्षानुवर्षं कोर्टकचेऱ्या करत राहिल्या. खुद्द कायद्यालासुद्धा बदल चुकला नाही: १९५० पासून ‘मुंबई’ सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम होता, २०१२ साली ‘महाराष्ट्र’ झाला. त्याला बहुधा ‘आमच्या गटाला नोटीस नव्हती’ अशी हरकत कुणी घेतली नसावी.

यांचा अहंकार मात्र उसना आहे, हे जवळच्यांनाच ठाऊक. चेंबूर ट्रॉम्बे एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयानं सांगून टाकलं की निवड झाली की बदल झाला. नोंदीसाठी तो अडून राहत नाही. म्हणजे हे धनी नव्हेत, कारकून. पण ही गोष्ट बँकेच्या मॅनेजरला सांगून पाहा. तो निकालाची प्रत बाजूला सारतो आणि म्हणतो, ‘शेड्यूल वन आणा.’ शिक्षणाधिकारी कार्यालयातही तेच. इकडे खातं गोठतं, नेमणुकांचे प्रस्ताव अडतात, आणि भांडणात नसलेला शिपाई दोन्ही अध्यक्षांना नमस्कार घालत राहतो. मला विचाराल तर कायद्यातलं सगळ्यात व्यवहारी ज्ञान त्या शिपायालाच.

पाच वर्षांची मुदत संपते, पहिला रिपोर्ट पडूनच असतो. पुन्हा निवडणूक, दुसरा रिपोर्ट. पहिल्याचं ठरल्याशिवाय दुसऱ्याचं ठरवायचं कसं? पाठोपाठ तिसरा येतो. शेवटी एक दिवस आदेश निघतो: पहिली निवड वैध. जिची निवड वैध ठरली ती समिती कधीच मुदत संपून घरी गेलेली असते. तरी विजयी गट जिंतूरच्या बसस्टँडवर पेढे वाटतो. हरलेला गट तोवर वकिलापुढे बसलेला असतो. कलम ७० च्या अपिलाला ६० दिवस आहेत, आणि ते मात्र एकही विश्वस्त चुकवत नाही.